एडिंबराच्या बोळांतील भूतफेरी

स्कॉटलंडची राजधानी असलेल्या एडिंबरा शहरात दररोज संध्याकाळी एक वेगळाच व्यवसाय सुरू होतो. काळे झगे पांघरलेले, हाती कंदील किंवा विजेरी घेतलेले मार्गदर्शक रॉयल माइल या जुन्या रस्त्यावर पर्यटकांचे घोळके जमवतात आणि तास-दीड तास त्यांना अंधाऱ्या बोळांतून, पुलाखालच्या तळघरांतून आणि दफनभूमीतून फिरवून आणतात. ‘घोस्ट टूर’ किंवा ‘घोस्ट वॉक’ या नावाने ओळखला जाणारा हा प्रकार ब्रिटनमधील अनेक जुन्या शहरांत आढळतो. इंग्लंडमधील यॉर्क येथे १९७३ मध्ये सुरू झालेली फेरी तर स्वतःला जगातील पहिली भूतफेरी म्हणवून घेते. मात्र या व्यवसायाला खरा बहर आला तो एडिंबरामध्ये. आज या शहरात अशा फेऱ्या काढणाऱ्या अनेक संस्था असून त्यांच्यात चांगलीच चुरस आहे.

भुताखेतांवर विश्वास नसलेल्यांनीही या फेरीला जावे, असे तिचे स्वरूप आहे. भूत दिसो वा न दिसो, या निमित्ताने चारशे वर्षांपूर्वीच्या एका दाटीवाटीच्या शहराची ओळख होते. राजवाडे आणि किल्ले दाखवणाऱ्या दिवसाच्या सहलींत ज्यांचा उल्लेखही होत नाही अशी माणसे येथे मध्यभागी असतात. प्लेगने मेलेली, चेटकीण ठरवून जाळलेली, उघड्या मैदानात कैद केलेली, शवविच्छेदनाच्या टेबलासाठी ठार केलेली ही माणसे. अडचण एवढीच, की मार्गदर्शकाच्या कथनात दोन थर एकमेकांत मिसळलेले असतात. एक थर जुन्या दप्तरांत नोंदलेल्या घटनांचा, तर दुसरा गेल्या तीस-चाळीस वर्षांत पर्यटनाबरोबर वाढत गेलेल्या दंतकथांचा. दोन्ही एकाच दबक्या आवाजात सांगितले जातात. ते वेगळे करून ऐकणाऱ्याला ही फेरी अधिक काही देऊन जाते.

बाजारखांबापासून सुरुवात

जुने एडिंबरा एका लांबट टेकडीच्या पाठीवर वसले आहे. टेकडीच्या पश्चिम टोकाला किल्ला, पूर्वेच्या पायथ्याशी होलीरूड राजवाडा आणि या दोहोंना जोडणारा रस्ता म्हणजे रॉयल माइल. माशाच्या मधल्या काट्याला जसे दोन्ही बाजूंनी बारीक काटे फुटतात तसे या रस्त्यापासून दोन्ही बाजूंच्या उतारावर अरुंद बोळ उतरतात. त्यांना तेथे ‘क्लोज’ किंवा ‘वाइंड’ म्हणतात. तटबंदीमुळे शहराला आडवे पसरता येत नव्हते, म्हणून ते उभे वाढले. सतराव्या शतकात या बोळांच्या काठी आठ-आठ, दहा-दहा मजल्यांच्या दगडी इमारती उभ्या होत्या. सांडपाण्याची सोय नव्हती. रात्री ठरावीक वेळी वरच्या मजल्यांवरून ‘गार्डीलू’ अशी हाळी देऊन घाणीच्या बादल्या खाली रित्या केल्या जात. पाण्यापासून सावध राहा, अशा अर्थाच्या फ्रेंच शब्दांचा हा अपभ्रंश मानला जातो. हा किस्सा न सांगणारा मार्गदर्शक एडिंबरामध्ये सापडणे कठीण!

बहुतेक फेऱ्या सेंट जाइल्स चर्चच्या बाजूला असलेल्या ‘मर्कॅट क्रॉस’ या बाजारखांबापाशी सुरू होतात. राजघोषणा येथूनच वाचल्या जात आणि ती प्रथा अजूनही आहे. सप्टेंबर २०२२ मध्ये राजे तिसरे चार्ल्स यांच्या राज्यारोहणाची घोषणा स्कॉटलंडसाठी याच ठिकाणी झाली. सध्याचे बांधकाम १८८५ मधील आहे. जुना खांब १७५६ मध्ये हलवण्यात आला होता. शिक्षांचेही हे ठिकाण होते. जवळच ‘ट्रॉन’ नावाचा सार्वजनिक वजनकाटा होता. वजनमापात लबाडी करणाऱ्यांचे कान तेथे खिळ्याने ठोकले जात. मार्गदर्शक पर्यटकांपैकीच एखाद्याला पुढे बोलावून या शिक्षेची नक्कल करतात. घोळक्याला हसवून सैल करण्याची ही ठरलेली युक्ती होय. पुढची भीती त्यानंतर अधिक लागू पडते.

किल्ल्यासमोरील मैदानाकडे, म्हणजे कॅसलहिलच्या दिशेने वर गेले, की हसू थांबते. स्कॉटलंडमध्ये चेटूकविरोधी कायदा १५६३ मध्ये झाला आणि १७३६ पर्यंत टिकला. या काळात चेटकाचा आरोप झालेल्या ३,८३७ व्यक्तींची नोंद एडिंबरा विद्यापीठातील अभ्यासकांनी केली आहे. त्यांत दर सहा व्यक्तींमागे पाच स्त्रिया होत्या. सुमारे अडीच हजारांना देहदंड झाला असावा, असा अंदाज आहे. अ‍ॅग्नेस सॅम्पसन या सुईणीला १५९१ मध्ये कॅसलहिलवरच मारण्यात आले. राजा सहावा जेम्स डेन्मार्कहून आपल्या राणीला घेऊन येत असताना समुद्रात वादळ उठवल्याचा तिच्यावर आरोप होता. तिच्या चौकशीत राजाने स्वतः भाग घेतला. १५९७ मध्ये त्याने चेटूकविद्येवर एक ग्रंथही लिहिला.

येथे मार्गदर्शक हमखास सांगतात, की संशयित स्त्रियांचे हातपाय बांधून त्यांना किल्ल्याखालच्या ‘नॉर लॉख’ या तळ्यात फेकत. तरंगली तर चेटकीण, बुडाली तर निर्दोष. ऐकायला ही गोष्ट नेमकी वाटते. पण पाण्याची ही परीक्षा स्कॉटलंडमध्ये क्वचितच वापरली गेली, असे इतिहासकारांचे मत आहे. प्रत्यक्षात छळाचे मुख्य साधन साधे आणि अधिक परिणामकारक होते. आरोपीला दिवसचे दिवस झोपू दिले जात नसे. झोपेविना भ्रमिष्ट झालेली बाई सैतानाची भेट झाल्याचे कबूल करी, आणखी दोघीचौघींची नावे सांगे, आणि मग त्यांची पाळी येई. शिक्षा झालेल्यांना बहुधा आधी गळा आवळून मारत व नंतर जाळत. जाळण्यासाठी लागलेल्या कोळशाचा, डांबराचा आणि दोरीचा खर्च हिशेबवहीत नोंदला जाई. या नोंदींपुढे तळ्याची दंतकथा फिकी पडते. खुद्द तळे १७५९ पासून टप्प्याटप्प्याने आटवण्यात आले. त्या जागी आता प्रिन्सेस स्ट्रीटची बाग आहे.

मैदानाच्या तोंडाशी भिंतीत बसवलेला एक छोटा लोखंडी पाणवठा आहे. ‘विचेस वेल’ या नावाने ओळखला जाणारा हा पाणवठा पुष्कळांच्या नजरेतून सुटतो. जाळलेल्या स्त्रियांच्या स्मरणार्थ तो १८९४ मध्ये उभारण्याची कल्पना पॅट्रिक गेडिस यांची होती. मराठी वाचकांना हे नाव अपरिचित असू नये. एडिंबराच्या याच पडक्या वस्तीत राहून त्यांनी, मोठी पाडापाडी न करता जुनी वस्ती राहण्याजोगी कशी करावी याचे प्रयोग केले. पुढे ते भारतात आले, अनेक शहरांच्या नगररचनेचे अहवाल त्यांनी लिहिले आणि १९१९ ते १९२४ या काळात मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र व नागरिकशास्त्र विभागाचे प्राध्यापक होते. भारतीय समाजशास्त्राचा पाया घालणारे डॉ. गो. स. घुर्ये हे त्यांचे विद्यार्थी. पाणवठ्यावरील फलकात मात्र या स्त्रियांपैकी काहींनी आपले ज्ञान वाईट कामासाठी वापरले, असेही सुचवले आहे. आजच्या अभ्यासकांना ते खटकते. स्कॉटलंडच्या तत्कालीन प्रथम मंत्री निकोला स्टर्जन यांनी ८ मार्च २०२२ रोजी, जागतिक महिला दिनी, या स्त्रियांची संसदेत औपचारिक माफी मागितली.

बोळाखालचा बोळ

रॉयल माइलवर नगरपालिकेची ‘सिटी चेंबर्स’ ही भारदस्त इमारत आहे. ती १७५३ ते १७६१ या काळात व्यापाऱ्यांच्या बाजारासाठी बांधली गेली. त्या वेळी जागा सपाट करण्यासाठी उतारावरील जुन्या घरांचे वरचे मजले पाडले आणि खालचे मजले पायाच्या कामी तसेच ठेवले. त्यामुळे जुन्या बोळांचे काही भाग इमारतीच्या पोटात शिल्लक राहिले. त्यांतील मेरी किंग्ज क्लोज २००३ पासून प्रेक्षकांसाठी खुला आहे. मेरी किंग ही सतराव्या शतकातील कापडाचा व्यापार करणारी विधवा होती. त्या काळी एखाद्या बोळाला स्त्रीचे नाव मिळणे ही दुर्मीळ गोष्ट होय. रस्त्यावरच्या भूतफेऱ्यांत या बोळाची केवळ कथा ऐकायला मिळते. आत जाण्यासाठी स्वतंत्र तिकीट काढावे लागते.

या बोळाची सर्वात प्रसिद्ध कथा १६४५ च्या प्लेगची आहे. नगरपालिकेने बोळाची दोन्ही तोंडे भिंतीने बंद केली आणि आतल्या रोग्यांना जिवंतपणी गाडले, असे वर्षानुवर्षे सांगितले गेले. ते खरे नाही. नोंदींवरून दिसते ते असे, की आजारी कुटुंबांना घरात थांबण्याची सक्ती होती, त्यांना अन्न आणि कोळसा पोहोचवला जाई, आणि अनेकांना शहराबाहेरील माळावर उभारलेल्या झोपड्यांत हलवले जाई. म्हणजे नगरपालिका क्रूर नव्हती. कंजूस मात्र होती. प्लेगसाठी नेमलेला पहिला डॉक्टर जॉन पॉलिशियस लवकरच त्याच रोगाने मेला. त्याच्या जागी जॉर्ज रे याची नेमणूक झाली. धोका पाहून त्याला मोठा पगार कबूल करण्यात आला. तो जगण्याची फारशी शक्यता नव्हती, त्यामुळे हा पैसा द्यावा लागेल असे कोणाला वाटले नसावे. रे मात्र जगला आणि ठरलेल्या पैशासाठी त्याला नगरपालिकेमागे पुष्कळ काळ तगादा लावावा लागला.

रे वाचला कसा, याचे उत्तर त्याच्या पोशाखात आहे. डोक्यापासून पायापर्यंत जाड चामड्याचा अंगरखा आणि सुगंधी वनस्पती भरलेला, पक्ष्याच्या चोचीसारखा मुखवटा असा तो वेष. दूषित हवेने रोग होतो अशी समजूत असल्यामुळे मुखवटा वापरत. प्रत्यक्षात उपयोग झाला तो चामड्याचा, कारण त्यातून पिसवा चावू शकत नव्हत्या. पिसवा प्लेग पसरवतात हे शास्त्राला समजायला १८९८ साल उजाडावे लागले. पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरचा तो प्रयोग झाला कराचीत, म्हणजे त्या वेळच्या मुंबई इलाख्यात. आपल्याकडे प्लेगने घरे ओस पडत असतानाचा तो काळ.

मेरी किंग्ज क्लोजमधील भुतांची कथाही जुनी आहे. जॉर्ज सिंक्लेअर या प्राध्यापकाने १६८५ मध्ये छापलेल्या पुस्तकात, या बोळात राहायला आलेल्या कोल्टहार्ट नावाच्या वकिलाला आणि त्याच्या पत्नीला हवेत तरंगणारे म्हाताऱ्याचे डोके आणि नुसता हात दिसल्याची हकीकत आहे. सिंक्लेअरचा हेतू करमणुकीचा नव्हता. परलोक मानत नसणाऱ्या नास्तिकांना त्याला उत्तर द्यायचे होते. याउलट आज सर्वाधिक गर्दी खेचणारे ‘अ‍ॅनी’चे भूत अगदी अलीकडचे आहे. १९९२ मध्ये एका जपानी अतींद्रिय-शक्तीधारक बाईंना एका खोलीत, आईवडिलांनी प्लेगमुळे सोडून दिलेली आणि बाहुली हरवलेली मुलगी ‘जाणवली’. तेव्हापासून पर्यटक तेथे बाहुल्या आणि खेळणी ठेवू लागले. अ‍ॅनी नावाच्या मुलीची कोठलीही नोंद नाही. त्या प्लेगमध्ये शेजारच्या लीथ बंदरातील निम्म्याहून अधिक लोक मरण पावले. त्यांतल्या असंख्य मुलांची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत. नाव असलेली मुलगी कल्पित, आणि खऱ्या मुलांना नावे नाहीत, असा हा विचित्र प्रकार आहे. खेळण्यांसोबत जमा होणारे पैसे आजारी मुलांसाठीच्या धर्मादाय कामाला दिले जातात, ही एक जमेची बाजू.

पुलाच्या पोटातील खोल्या

खऱ्या अर्थाने अंगावर काटा आणणारी जागा कोणती, असे विचारले तर बहुतेक जण ‘साउथ ब्रिज व्हॉल्ट्स’चे नाव घेतील. रॉयल माइलच्या दक्षिणेकडील खोलगट भाग ओलांडण्यासाठी १७८५ ते १७८८ मध्ये साउथ ब्रिज बांधण्यात आला. त्याला एकोणीस कमानी आहेत. पण दोन्ही अंगांना इमारती चिकटून उभ्या असल्याने काउगेट रस्त्यावरची एकच कमान बाहेरून दिसते. उरलेल्या कमानींच्या पोटात मजले घालून सुमारे १२० खोल्या काढल्या गेल्या. चांभार, लोहार, दारूचे गुत्तेवाले तेथे आले. पण पुलाचा पृष्ठभाग नीट जलरोधक केला नव्हता. पावसाचे पाणी झिरपू लागले, माल कुजला, व्यापारी काही वर्षांतच निघून गेले. रिकाम्या खोल्यांत मग शहरातले सर्वात गरीब लोक शिरले. खिडकी नाही, उजेड नाही, वाहते पाणी नाही, दिवा म्हणून माशाच्या तेलाची चिमणी. एकोणिसाव्या शतकात कधीतरी या खोल्या दगडमातीने भरून टाकल्या गेल्या आणि विसरल्या गेल्या.

१९८० च्या दशकात नॉरी रोवन या माजी आंतरराष्ट्रीय रग्बी खेळाडूला या भुयारांचा शोध लागला. स्कॉटलंडविरुद्ध सामन्यासाठी आलेला रुमानियाचा खेळाडू क्रिस्टियान रादुकानू डिसेंबर १९८९ मध्ये आपल्या देशाच्या गुप्त पोलिसांना चुकवून पळाला तो याच भुयारांतून, रोवनच्याच मदतीने. त्यानंतर थोड्याच दिवसांत रुमानियातील चाउशेस्कूची राजवट कोसळली. ही हकीकत कोठल्याही भुताच्या कथेपेक्षा रंजक आहे, पण अंधारात सांगायला तितकी सोयीची नाही. त्यामुळे ‘मिस्टर बूट्स’ नावाच्या बूटधारी भुताला अधिक वेळ मिळतो. मलबा उपसताना कालवांचे शिंपले, बाटल्या, मातीची भांडी आणि मुलांची खेळणी निघाली. तेथे माणसे संसार करून राहत होती याचा हा पुरावा. बर्क आणि हेअर हे कुप्रसिद्ध खुनी येथे सावज हेरत, असेही सांगतात. त्याला मात्र आधार नाही.

या तळघरांत काहीतरी जाणवल्याचे सांगणारे सगळेच खोटे बोलतात असे नव्हे. रिचर्ड वाइजमन या मानसशास्त्रज्ञाने आणि सहकाऱ्यांनी २००१ मध्ये येथे दोनशेहून अधिक स्वयंसेवकांवर एक प्रयोग केला. स्वयंसेवकांना एकेकट्याने वेगवेगळ्या खोल्यांत बसवून काय जाणवले ते लिहायला सांगितले. २००३ मध्ये प्रसिद्ध झालेला निष्कर्ष लक्षणीय होता. ज्या खोल्या ‘झपाटलेल्या’ म्हणून प्रसिद्ध होत्या त्यांतच अधिक लोकांना गारवा, कोणाची तरी चाहूल असे अनुभव आले. आणि कोणती खोली प्रसिद्ध आहे याची आधी माहिती असण्या-नसण्याशी त्याचा संबंध नव्हता. संबंध दिसला तो जागेच्या आकाराशी आणि उजेडाच्या प्रमाणाशी. भीती खरी असते, तिचे कारण खोलीच्या बांधणीत असते, असा याचा अर्थ लावता येतो. मार्गदर्शकांनाही हे अनुभवाने ठाऊक असावे. ते कोठे उभे राहतात, विजेरी कधी मालवतात, हे पाहण्यासारखे असते.

ग्रेफ्रायर्सची दफनभूमी

ग्रेफ्रायर्स दफनभूमी १५६२ पासूनची आहे. सर्वसामान्य पर्यटकांना ती ‘बॉबी’ या इमानी कुत्र्यामुळे माहीत असते. १८५८ मध्ये वारलेल्या धन्याच्या थडग्यापाशी तो १८७२ पर्यंत राहिला अशी आख्यायिका आहे. अलीकडे हॅरी पॉटरच्या कथांतील नावे थडग्यांवर शोधत फिरणाऱ्यांचीही भर पडली आहे. भूतफेऱ्या मात्र थेट दक्षिणेच्या टोकाला, ‘कव्हेनंटर्स प्रिझन’ या कुलूपबंद भागाकडे जातात.

राजाने चर्चच्या कारभारात ढवळाढवळ करू नये, अशा आशयाच्या करारावर १६३८ मध्ये ग्रेफ्रायर्स येथे सह्या झाल्या. त्या करारावरून या पंथीयांना ‘कव्हेनंटर’ हे नाव पडले. १६७९ मध्ये बॉथवेल ब्रिगच्या लढाईत त्यांचा पराभव झाला आणि सुमारे बाराशे कैद्यांना दफनभूमीलगतच्या मैदानात आणून ठेवण्यात आले. वर छप्पर नव्हते. जून-जुलैपासून नोव्हेंबरपर्यंत, स्कॉटलंडच्या पावसाथंडीत, दिवसाला पावाच्या तुकड्यावर ते राहिले. काही मेले, काहींना फाशी झाली, पुष्कळजण राजनिष्ठेची हमी देऊन सुटले. हमी देण्यास नकार देणाऱ्या अडीचशेहून अधिक जणांना अमेरिकेकडील वसाहतींत पाठवण्यासाठी जहाजावर चढवले. ते जहाज डिसेंबरमध्ये ऑर्कनी बेटांजवळ खडकावर आपटून फुटले. कैदी तळाशी कोंडलेले होते. सुमारे दोनशे जण बुडाले. भूतफेरीत या जहाजाचा उल्लेख झालाच तर ओझरता होतो. खरे तर कथेचा सर्वात भीषण भाग तोच आहे.

या कैद्यांचा काळ ठरलेला सरकारी वकील म्हणजे सर जॉर्ज मॅकेन्झी. ‘रक्तपिपासू मॅकेन्झी’ हे त्याचे लोकांनी ठेवलेले नाव. १६९१ मध्ये तो मेला आणि ज्यांना त्याने छळले त्यांच्यापासून हाकेच्या अंतरावर, घुमटाच्या थडग्यात विसावला. मनुष्य मात्र एकरंगी नव्हता. तरुणपणी त्याने चेटकिणी म्हणून पकडलेल्या स्त्रियांची बाजू न्यायालयात मांडली होती. ज्या वकिलांच्या ग्रंथालयातून पुढे स्कॉटलंडचे राष्ट्रीय ग्रंथालय उभे राहिले, त्याचा संस्थापकही तोच. ते ग्रंथालय दफनभूमीपासून काही पावलांवर आहे.

मॅकेन्झीचे भूत पर्यटकांना ओरबाडते, ढकलते, बेशुद्ध पाडते, ही ख्याती मात्र १९९० च्या दशकाच्या शेवटची. एका बेघर माणसाने रात्री आसऱ्यासाठी त्याचे थडगे फोडले आणि तेव्हापासून उपद्रव सुरू झाला, अशी कथा आहे. नगरपालिकेने कव्हेनंटर्स प्रिझनला कुलूप लावले. नंतर परवानगी घेऊन तेथे रात्रीच्या फेऱ्या सुरू झाल्या आणि ओरखड्यांच्या, चक्कर येण्याच्या तक्रारींची यादी वाढत गेली. येथे एक तपशील ध्यानात ठेवण्याजोगा आहे. पर्यटकांना ज्या ‘काळ्या थडग्या’त उभे करतात ती थडगी अठराव्या शतकातील आहेत. कैदी तेथे असताना ती बांधलीही नव्हती. शिवाय मूळ मैदानाचा बराचसा भाग नंतरच्या इमारतींखाली गेला आहे.

या लौकिकाची किंमतही मोजावी लागली. २००३ मध्ये दोन अल्पवयीन मुलांनी मॅकेन्झीच्या थडग्यात उतरून एका मृताचे मस्तक तोडून बाहेर आणले. दफनस्थानाची विटंबना या स्कॉटलंडच्या जुन्या, क्वचितच वापरल्या जाणाऱ्या गुन्ह्याखाली त्यांच्यावर २००४ मध्ये खटला चालला. थडगी चढणे, दगडांना हात घासणे, रात्री गोंगाट करणे हे उपद्रव तर नेहमीचेच. ज्या मृतांच्या आधारावर धंदा चालतो त्यांना शांतता देण्याची जबाबदारी कोणाची, हा प्रश्न तेथे अधूनमधून डोके वर काढतो.

दफनभूमीत काही थडग्यांवर लोखंडी पिंजरे दिसतात. आतले भूत बाहेर येऊ नये म्हणून ते बसवले, असे मुलांना गमतीने सांगितले जाते. खरे कारण उलट आहे. बाहेरच्यांनी आत हात घालू नये म्हणून ते होते. एडिंबरा हे वैद्यकीय शिक्षणाचे मोठे केंद्र होते आणि विच्छेदनासाठी प्रेते पुरत नसत. त्यामुळे ताजी थडगी उकरून प्रेते विकणाऱ्यांचा सुळसुळाट झाला होता. विल्यम बर्क आणि विल्यम हेअर यांनी १८२८ मध्ये उकरण्याचे कष्टही वाचवले. हेअरच्या खाणावळीत एक भाडेकरू आजाराने मेला. त्याचे प्रेत डॉ. रॉबर्ट नॉक्स यांच्या शाळेत साडेसात पौंडांना विकले गेले. त्यानंतर दोघांनी सोळा जणांना दारू पाजून, नाकतोंड दाबून ठार केले. बहुतेक गरीब, परगावचे, ज्यांची चौकशी कोणी करणार नाही असे. अपवाद ठरला तो ‘डॅफ्ट जेमी’ या नावाने शहरभर ओळखला जाणारा अठरा-एकोणीस वर्षांचा भोळसट मुलगा. नॉक्सच्या काही विद्यार्थ्यांनी टेबलावर त्याला ओळखले. तरी वर्ग चालूच राहिला.

हेअर माफीचा साक्षीदार होऊन सुटला. नॉक्सवर खटलाही झाला नाही. बर्कला २८ जानेवारी १८२९ रोजी फाशी झाली आणि न्यायालयाच्या आदेशानुसार त्याच्याच देहाचे विच्छेदन करण्यात आले. त्याचा सांगाडा आजही एडिंबरा विद्यापीठाच्या शरीररचना संग्रहालयात आहे. १८३२ च्या कायद्याने प्रेतांचा व्यापार थांबला, पण त्याची भरपाई झाली ती अनाथालये आणि दरिद्रीगृहांतील बेवारस मृतदेहांतून. १८३६ मध्ये शहरालगतच्या आर्थर्स सीट टेकडीवर मुलांना सतरा चिमुकल्या शवपेट्या सापडल्या. आत कापडी कपडे घातलेल्या लाकडी बाहुल्या होत्या. विकल्या गेलेल्या सतरा देहांचे ते प्रतीकात्मक दफन असावे, असा एक तर्क आहे. मात्र मारलेल्यांत बहुसंख्य स्त्रिया होत्या आणि बाहुल्या पुरुषांच्या दिसतात. उरलेल्या आठ पेट्या ग्रेफ्रायर्सला लागून असलेल्या राष्ट्रीय संग्रहालयात आहेत.

जाणाऱ्यांसाठी

एकाच फेरीत ही सगळी ठिकाणे पाहायला मिळत नाहीत. पुलाखालची तळघरे आणि ग्रेफ्रायर्सचा कुलूपबंद भाग यांच्या किल्ल्या वेगवेगळ्या संस्थांकडे असतात. त्यामुळे आरक्षण करताना फेरी नेमकी कोठे आत जाते हे विचारून घ्यावे. फेऱ्यांचे ढोबळमानाने दोन प्रकार आहेत. काहींत वेषांतर केलेला साथीदार दबा धरून बसलेला असतो आणि ऐन वेळी अंगावर उडी घेतो. काहींत उड्या नसतात, फक्त कथन असते. इतिहासाची आवड असणाऱ्यांनी दुसरा प्रकार निवडावा. मार्गदर्शक चांगला असेल तर तो ‘हे नोंदीत आहे’ आणि ‘हे लोक सांगतात’ असा फरक स्वतःच करतो. तिकीट माणशी साधारण वीस पौंडांच्या आसपास पडते. लहान मुलांना बऱ्याच फेऱ्यांत प्रवेश नसतो.

पायाखाली गोटे बसवलेले रस्ते, तीव्र उतार आणि निसरड्या पायऱ्या असल्याने तळव्याची पकड चांगली असलेले बूट हवेत. तळघरांत उन्हाळ्यातही ओल आणि गारठा असतो. बंद जागेची भीती वाटणाऱ्यांनी रस्त्यावरचीच फेरी घ्यावी. ऋतूचाही विचार करावा लागतो. जूनमध्ये तेथे रात्री दहापर्यंत उजेड असतो, त्यामुळे आठच्या फेरीत भुतांना लख्ख प्रकाशात वावरावे लागते. ऑगस्टमध्ये नाट्य व कलामहोत्सवामुळे रॉयल माइलवर पाय ठेवायला जागा नसते. नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये दुपारी चारच्या आधीच सूर्य मावळतो, गर्दी कमी असते आणि समुद्राकडून धुके आले तर मार्गदर्शकाचे अर्धे काम परस्पर होते.

ग्रेफ्रायर्सची मुख्य दफनभूमी दिवसा सर्वांसाठी विनामूल्य खुली असते. रात्री जे थडगे विजेरीच्या झोतात पाहिले त्याच्यावरचा मजकूर सकाळी शांतपणे वाचता येतो. जवळच्या कचेऱ्यांतील आणि महाविद्यालयांतील मंडळी ऊन असेल तेव्हा तेथील हिरवळीवर दुपारचा डबा खात बसलेली असतात.